कुत्र्याच्या छत्र्यांचं गाव

"नायि म्हणजे कुत्रा. कोडे म्हणजे छत्री," अनुसूयाअज्जी म्हणाली. "आता जोड बघू."

"नायिकोडे!" नयना हसली. "म्हणजे कुत्र्याची छत्री. अळंबीच की! आमच्या पुण्यातही हेच म्हणतात."

"बघ. छत्री धरलेला कुत्रा तुमच्याकडे कुणी पाहिला नाही, आमच्याकडेही नाही. तरी दोघांना सुचलं तेच."

वडिलांना संशोधन संस्थेत नोकरी लागली, म्हणून नयना यंदा हेब्बाळला आली होती. वर्गातल्या मुली कन्नड बोलत आणि ती मुकी बसून राही. शेजारची अज्जी रोज दुपारी तिला आपल्या मागच्या पायरीवर बसवून शब्द शिकवी. अज्जीचं घराणं मराठी, पण पिढ्यान्‌पिढ्या इथलंच. मराठी बोलता बोलता तिची जीभ कन्नडात कधी शिरे, तिलाही कळत नसे. भाज्या झाल्या, जनावरं झाली. नाती अजून राहिली होती.

पायरीसमोर फणसाखाली मोठं वारूळ होतं. त्याच्याभोवती पांढऱ्या छत्र्यांचं कडं उगवलं होतं. इतर लोक नागपंचमीला वारुळाला दूध घालत. अज्जी रोज घाली.

"आत नाग आहे?" नयनाने विचारलं.

"आत गाव आहे. माझी कावेरीअक्का दोनदा जाऊन आली होती."

"कसलं गाव?"

"ह्यांचंच." अज्जीने छत्र्यांकडे बोट केलं. "तिथं घरं बांधत नाहीत, उगवतात. भिंत जिवंत असते. खिडकी हवी असली तर भिंतीला कुरवाळायचं, ती हळूच उघडते. आणि रागावून दार आपटलं तर घर चार दिवस फुगून बसतं."

"दिवे?"

"छपरंच उजळतात. हिरवट, काजव्यासारखी. रस्ते म्हणजे पांढरे दोरे. एका टोकाला पाऊल टाकलं की दुसऱ्या टोकाच्या घराला कळतं कोण आलं ते. आणि तिथं काही म्हणजे काही शिळं होत नाही. शिळं व्हायच्या आत गावच ते खाऊन टाकतं."

"भातसुद्धा?"

"भाताचंच काय घेऊन बसलीस!"

"आमच्याकडे भात एकाच वेळी होतो," नयना म्हणाली. "रेशनवर तांदूळ मिळत नाही ना. आई म्हणते, तंगी आहे."

अज्जीने चटकन वारुळाकडे वळून पाहिलं. मग स्वतःशीच हसली.

"काय झालं?"

"काही नाही. कान वाजतात म्हाताऱ्या माणसाचे."

"मग कावेरीअक्का आता कुठे असते?"

अज्जीने फुलपात्रातलं उरलेलं दूध पायरीवरूनच वारुळाच्या दिशेनं सांडलं. "तिसऱ्यांदा गेली ती आली नाही. परत येणाऱ्यानं दाराशी आपल्या माणसाबद्दल विचारायचं. एकदाच विचारता येतं. आहे असं उत्तर मिळालं की ये बाहेर. नाही म्हटलं की वाट मिटली, कायमची. म्हणून छत्र्या उगवल्या की मी हे दार सोडत नाही."

त्या संध्याकाळी नयनाने घरी भाताची गोष्ट अज्जीला सांगितल्याचं सांगितलं. आई संतापली. "घरात तंगी आहे म्हणून शेजारी दवंडी पिटायची? कुणी विचारलं तर स्पष्ट नाही म्हणायचं. कळलं?"

नयनाला कळलं.

दुसऱ्या दिवशी अज्जीचा पुतण्या विठोजी घोड्याचा जटका घेऊन आला. डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जायचं होतं. अज्जी जायला तयार होईना.

"काकू, पुढल्या महिन्यात ते डॉक्टर इथं नसतील. आणि तुम्हाला समोरचा माणूस तरी ओळखू येतो का?"

हे मात्र अज्जीला लागलं. ओळखू आलं नाही तर? तिनं नयनाला पायरीवर बसवलं.

"कुणी मला विचारत आलं तर काय म्हणशील?"

"आहे म्हणेन. आत्ता येईल, बस म्हणेन."

"सरी, ठीक. स्वल्प वेळात येतेच मी."

नयना वारुळावरची नजर हलवीना. कावेरीअक्का दिसेल तरी कशी? अज्जीहून मोठी म्हणजे चांगलीच वाकलेली, पांढऱ्या केसांची, हातात काठी. तिला पायरी चढवायला हात द्यावा लागेल.

फणसामागून पानं वाजली. नयना ताडकन उठली.

पण तिच्याच उंचीची एक मुलगी होती. जुन्या तऱ्हेचा परकर, ओले केस, पावलं पीठ तुडवल्यासारखी पांढरी. ओंजळीत ताज्या अळंब्या. विकायला आली असावी. ती पायरीखाली थांबली, नयनाकडे टक लावून बघत राहिली आणि घाईघाईनं म्हणाली, "तंगी आहे का घरात?"

नयनाचे कान तापले. म्हणजे गावभर झालं होतं तर!

"नाही," ती ठसक्यात म्हणाली. "इथं तंगीबिंगी काही नाही."

"नाही?"

"एकदा सांगितलं ना, नाही!"

मुलीच्या ओंजळीतल्या अळंब्या खाली पडल्या. ती फणसामागे गेली, आणि पुन्हा पानं वाजली नाहीत.

नयना पुन्हा पायरीवर बसली. आईला सांगायला हवं, किती छान उत्तर दिलं ते.

जटका परतला. अज्जी पुढच्या दारातून थेट मागे आली. "कुणी आलं होतं? मला विचारलं कुणी?"

"नाही अज्जी. तुम्हाला कुणीच विचारलं नाही. मी जागची हललेसुद्धा नाही."

अज्जीने श्वास सोडला. मग डोळे बारीक करून वारुळाकडे बघितलं. "आज लवकर मिटल्या गं छत्र्या. बरं, असू दे. पुढच्या श्रावणात. चल, धडा राहिलाय आपला. आज नाती. थोरला भाऊ?"

"अण्णा."

"शाबास. धाकटा भाऊ तम्मा. थोरली बहीण?"

"अक्का."

"आणि धाकटी बहीण?"

नयनाने मान हलवली. तिला येत नव्हतं.

"हे तर सगळ्यांत सोपं," अज्जी तिला जवळ ओढून म्हणाली. "अक्कानं मला नावानं कधी हाकच मारली नाही. हेच म्हणायची. तंगी. म्हण बघू."