विणकराला काढलं

ऑफिसने तिला न विचारताच डिझाइनच्या कामावरून उचलून फोन घ्यायला बसवलं होतं. अनुजा काळाचौकीच्या आपल्या खोलीत आली ती धुमसतच, आणि लॅपटॉपवर ठोकळ्यांनी गाव उभारायचा खेळ उघडून बसली.

त्या खेळातल्या गावकऱ्याजवळ जे अवजार ठेवाल, तो ते काम धरतो. एका विणकराला तिला ग्रंथपाल करायचं होतं. तिने त्याचा माग फोडला आणि तिथे पुस्तकांचं मेज ठेवलं.

तो मेजाकडे बघेचना. मागे वळली तर कोपऱ्यात पुन्हा माग. तिने तो ठेवलेला नव्हता.

"तुझ्या तर!" तिने तोही फोडला. परत माग. परत फोडला. आता ती दातओठ खात माऊस आपटत होती.

"सांगेन ते काम करायचं, कळलं? नाहीतर चालता हो!" त्याला घराबाहेर ढकलून तिने दार विटांनी बुजवून टाकलं.

थोड्या वेळाने बघितलं, तर तो गावात नव्हताच. विहिरीपाशी नाही, शेतात नाही.

तेवढ्यात फोन वाजला. गिरणी बंद पडल्यावर मालवणजवळच्या गावी जाऊन राहिलेले तिचे बाबा फोनवर होते, भयंकर चिडलेले.

"अनुजा, ह्या माणसाक हय कित्याक धाडलंस गो?"

"कोणाला, बाबा?"

"खळ्यात येऊन उभो रवलो हा. पाणी देतंय तर घेणा नाय. तुझा नाव घेता, आणि माझो माग खंय, माझो माग खंय, म्हणान इचारता."