मिलच्या टीमची सरासरी

मिलच्या बास्केटबॉल टीमची सरासरी मॅचमागं सत्तर गुणांवरून चाळिसावर आली, तेव्हा मॅनेजरनं नवे कोच त्रिंबकराव यांना सगळ्यांदेखत झापलं. त्रिंबकरावांच्या अंगाचा तिळपापड झाला. आल्या दिवशीच त्यांनी टीमला शिस्त लावली होती. खेळताना मुक्यासारखे हातवारे करायचे नाहीत, कोच ओरडून सांगेल तसं खेळायचं. आणि आज घसा फुटेस्तोवर ओरडूनही कॅप्टन सिद्रामनं एकदासुद्धा वळून पाहिलं नव्हतं!

"माज आलाय लेकाला," म्हणत ते तडक भवानी पेठेत त्याच्या घरी गेले. सिद्राम दाराकडं पाठ करून बुटाला नाडी ओवत बसला होता.

"सिद्राम!"

तो हलला नाही.

"ए सिद्राम! कोच दारात उभा आहे आणि तू मान वळवत नाहीस?" त्रिंबकराव उंबऱ्यातूनच हात उगारून गरजले. सिद्राम शांतपणे नाडी ओवत राहिला.

चुलीपुढून त्याची बायको बजाबाई उठून आली.

"तुमीच व्हय ते नवं साहेब? कशाला वरडताय? म्होरं जाऊन हात करा. बारा वर्सं मागांच्या खडखडाटात काडली ह्येंनी. टीममदल्या एकालाबी पाठीमागनं मारलेली हाक ऐकू येत न्हाई."

त्रिंबकरावांचा उगारलेला हात तसाच राहिला. बजाबाई मात्र थांबली नाही.

"कान मिलनं नेलं. हात तेवढं राहिलं हुतं, ते तुमी बांधलं."