बॅटरीत उरलेली वीज

"मधेच वीज गेली तर हा रिसीव्हर कायमचा मेला समजा," भर समुद्रात बोटीवर पेनड्राइव्ह लावत विनीत सासऱ्यांना, दामोदर तांडेलांना, म्हणाला. उपग्रहावरून वादळाचे इशारे देणारा तो डबा नव्या अपडेटनंतर मुका झाला होता. जुनं फर्मवेअर, म्हणजे त्याची आतली आज्ञावली, परत चढवणं एवढाच उपाय होता. दक्षिणेकडचं आभाळ काळवंडलेलं, बोटीचा डायनामो सकाळीच बिघडलेला आणि बॅटरी उतरत चाललेली.

काम निम्म्यावर आलं आणि पडदा मिणमिणला. बॅटरी वाचवायला तांडेलांनी पाणी उपसणारा पंप बंद केला. बोटीच्या तळात पाणी चढू लागलं, तसे ते स्वतः खलाशांबरोबर बादल्यांनी पाणी उपसू लागले. पाणी पोटऱ्यांना लागलं तरी त्यांनी पंपाला हात लावला नाही.

अखेर डबा वाजला. संदेश वाचून विनीतचा चेहरा उतरला. "वादळ आपल्याच बंदरावर चाललंय, मामा. उत्तरेला जायला सांगतायत."

"घरी कळवता येईल?"

"हा फक्त ऐकतो. बोलत नाही."

तांडेलांची लेक, विनीतची बायको, बंदराच्या धक्क्यावर वाट बघत उभी असणार, हे दोघांनाही ठाऊक होतं. तांडेलांनी क्षणभर गावाच्या दिशेने पाहिलं आणि सुकाणू उत्तरेकडे वळवलं.