माळ पडेपर्यंत
कीर्तनमंडपाच्या स्लॅबचं काम सकाळपासून चाललं होतं, हिराबाईचा जीव मात्र शेजारच्या देवळात अडकला होता. संध्याकाळी तिथे सीतास्वयंवराचं कीर्तन होतं. “अक्का, यंदा रामाचं लग्न तुझ्यावाचूनच लागणार!” काँक्रीटचं घमेलं देत सेल्वी हसली. कीर्तनाच्या वेळेला तमिळ मुलखातल्या तिरुवैयारूचे कीर्तनकार बुवा काम बघायला आले, तशी हिराबाई वरूनच कळवळली, “मेस्त्री सोडत नाहीत हो!” “मधेच थांबलो तर सांधा राहील, स्वामी. पाणी गळेल,” मेस्त्री म्हणाला. “मग कशाला थांबता? आम्हीच येतो,” म्हणत बुवांनी चिपळ्या मागवल्या. देवळातले श्रोते येऊन वाळूच्या ढिगावर बसले. बुवांनी पद धरलं आणि घमेली त्या ठेक्यावर चढू लागली. कीर्तनात सीतेनं वरमाला उचलली, तेव्हा हिराबाईच्या हातात शेवटचं घमेलं होतं. “ओत गं!” मेस्त्री ओरडला. “थांबा, आधी माळ पडू द्या,” ती म्हणाली. आणि मेस्त्रीही हात जोडून थांबला.