दोन इंच कमी

“दोन इंच कमीच शिवा,” माप देतानाच आईने टेलरकाकूंना बजावलं होतं. “लग्नापर्यंत होईल ती बारीक.”

महिनाभर अर्धपोटी राहूनही मी बारीक झाले नाही. आज ड्रेस घालून बघायला गेले, तर चेन पाठीवर मध्येच अडकली.

“आई, नाही गं लागत. उसवायला सांग ना.”

आई माझ्या मागेच उभी होती, पण बघत होती समोरच्या आरशात. “लागली की! तुझं आपलं कायम रडगाणं.”

मी वर पाहिलं. आरशातल्या मुलीच्या अंगावर ड्रेस छान बसला होता. चेहरा माझाच होता.

काकूंनीही आरशातच पाहिलं. “कमरेत तर उलट सैल होतोय,” म्हणत त्यांनी जास्तीची घडी चिमटीत धरली आणि टाचणी टोचली.

टाचणी माझ्या मांसात गेली.

“काकू, ते कापड नाहीये!” मी जिवाच्या आकांताने ओरडले.

“हसली की किती गोड दिसते,” आई आरशाकडे बघत म्हणाली.

काकूंनी कात्री उचलली. “एवढं कापूनच टाकू का?”

मी हात जोडले. आरशातल्या मुलीने लाजून मान डोलावली.