साहेबांचा निरोप

दूतावास रिकामा होत होता. फाटकाबाहेर बंडखोर बंदुका घेऊन उभे होते. परक्यांची चाकरी करणारा त्यांच्या लेखी गद्दार. राजदूतसाहेब स्वयंपाकघरात आले. "मामा, तुम्हाला सोबत नेता येत नाही हो. दुसरं काहीही मागा."

मी शेगडी बंद केली. "निघताना फाटकाशी, सगळ्यांदेखत माझ्या कानाखाली वाजवा. चोर म्हणून हाकला. इतकी वर्षं माझ्या हातचं मीठ खाल्लंत, त्याला जागा."

साहेब कबूल झाले.

फाटकाशी गाडी थांबवून ते उतरले. हातही उगारला. मी डोळे मिटून घेतले.

पण माणूस फार भला. त्यांना रडू फुटलं, आणि त्या बंदुकांसमोर त्यांनी मला घट्ट मिठी मारली.