शुक्रीने बुजवलेला खड्डा

पनवेलजवळ डोंगराच्या पायथ्याशी शुक्री कातकरीण आठवडाभर मजुरीवर खड्डा खणत होती. इथं पाण्याची टाकी होणार, असं तिला वाटलं होतं. मोजणीला आलेल्या साहेबाला तिनं एकदा विचारलंच.

"टाकी कसली? अणुभट्टीचा कचरा येणार, तो इथं पुरायचा. मग शंभर वर्षं कुणी ही माती उकरायची नाही."

साहेबाची जीप गेली. शुक्रीनं कुदळ खाली ठेवली, फावडं उचललं आणि काढलेली माती परत खड्ड्यात लोटायला लागली.

"उद्यापासून तुला काम नाय!" मुकादम ओरडला. तिनं मानही वर केली नाही. एकेक करून बाकीचे कातकरी तिच्या जोडीला आले.

खड्ड्याविरुद्ध अर्जावर अर्ज करून दमलेले जमीनमालक कमळाकर पाटील संध्याकाळी माणसं घेऊन आले, तेव्हा शुक्री अनवाणी पायांनी शेवटची माती दाबत होती. पाटील तिच्यापाशी आले.

"शुक्रे, माझी जमीन वाचवलीस गं."

शुक्री कपाळावरचा घाम पुसून ताठ उभी राहिली.

"जमीन तुमची असंल, पाटील. खालच्या झऱ्याचं पानी आमी पितो."